रिकाम्या मैदानाची कॉमेंट्री

टीव्हीवर बेसबॉलची कॉमेंट्री करणारा आमच्या तालुक्यातला मी पहिलाच आणि बहुधा शेवटचा. टीव्ही म्हणजे सौदीतल्या अल खफजीच्या आमच्या तेल कंपनीच्या कॅम्पचा केबल चॅनेल. दर शुक्रवारी जपानी इंजिनिअर बेसबॉल खेळायचे आणि कामगारांनीही तो बघावा अशी मोठ्या जपानी साहेबाची इच्छा होती. केबलची देखभाल माझ्याकडे होती आणि गावात टेनिस बॉल क्रिकेटला मी लाउडस्पीकरवर बोललो होतो. एवढ्या पात्रतेवर मला माइक मिळाला.

मेस हॉलशेजारच्या केबिनमध्ये बसून मी हिंदीत बोलायचो. सुरुवातीला मी प्रत्येक बेसला एक रन देत होतो. स्कोअर भरपूर व्हायचा, हॉलमध्ये टाळ्या पडायच्या. साहेबाला हिंदी येत नसल्यामुळे माझं निभावलं. पुढे चारही बेस फिरून आल्यावर एकच रन मिळतो हे कळलं, स्कोअर तीन-चारवर आला आणि प्रेक्षक नाराज झाले.

माझा रूममेट देवगडकडचा वेल्डर. तो पहिल्या रांगेत बसायचा आणि मॅच संपली की गेटबाहेरच्या बूथवरून गावी आईला फोन करायचा. ती आजारी होती. तिच्यासाठीच तो सुट्टीवर निघणार होता, सौदीतून बाहेर पडायचा व्हिसाही लागला होता.

त्या शुक्रवारी खेळ रंगात असताना फोरमन केबिनमध्ये आला. माइकवर हात ठेवून म्हणाला, "तेरे रूममेट की माँ गुजर गई. अभी बताना नहीं."

कॅम्पची रीतच होती. पासपोर्ट आणि तिकीट हातात आल्याशिवाय माणसाला अशी बातमी सांगायची नाही. आदल्या वर्षी मी आणि वेल्डरनंच एकाला पत्त्यांच्या डावात असं अडकवून ठेवलं होतं. आता याचं तिकीट झालं होतं, पण पासपोर्ट ऑफिसच्या तिजोरीत, किल्ली सौदी साहेबाकडे आणि साहेब नातेवाइकांकडे जेवायला. "मैं आने तक इसको बिठाके रख, फोन पे मत जाने दे," म्हणून फोरमन गेला.

मॅच संपली. मी संपवली नाही. चेंडू टाकणाऱ्या पिचरचं कौतुक केलं, हवामान सांगितलं. खेळाडू निघून गेले. मग एक बंगाली कामगार बेस म्हणून ठेवलेल्या छोट्या गाद्या गोळा करायला आला, त्याचीही कॉमेंट्री केली. दुसरी गादी त्यानं किती सफाईनं उचलली वगैरे. हॉलमध्ये लोक पोट धरून हसत होते. माझं लक्ष फोरमनच्या वाटेकडे होतं.

केबिनचं दार उघडलं. वेल्डर होता.

"मैदानात कोण नाय. बोलतंस कोणासाठी?"

"बस रे, अजून आसा," मी म्हटलं.

त्यानं माझ्याकडे नीट बघितलं. "आये गेली मा माजी?"

मी मान हलवली. माइक चालूच होता. त्याचं रडणं टीव्हीवरून हॉलभर ऐकू आलं. फोरमन पासपोर्ट घेऊन पोचला तेव्हा सगळे केबिनबाहेर उभे होते.

सुट्टी संपवून तो परत आला. आमच्यात बोलणं-चालणं पूर्वीसारखंच होतं, जेवणही एकत्र. फक्त शुक्रवारी टीव्हीवर माझा आवाज सुरू झाला की तो हॉलमधून उठून जायचा. मला ते सहन होईना. दोन आठवड्यांनी मी मोठ्या साहेबाला सांगितलं, दुसरा माणूस बघा.