जित्या किसनची श्रद्धांजली

हसायचंय तर हसा, पण चहा गार व्हायच्या आत ऐका. जित्या दोस्ताला मी माझ्या तोंडानं मारलाय, अन् तेबी कॅमेऱ्यापुढं!

मी अन् किसन राहुरीचे जुने पट्टीचे पवणारे. मुळा नदीला पूर आला की फळीवर पालथं पडून लाटेसंगं सुटायचो. आता म्हातारपणी पुण्याची पोरं त्यावर डॉक्युमेंट्री काढत हुती. बोलायला कायम मीच. किसनला बोलता येतंय कुठं? तो पान्यातला, मी कॅमेऱ्यापुढच्या खुर्चीतला!

औंदा किसनच्या छातीनं दगा दिला. घरात ऑक्सिजनची टाकी. मी लेकीकडं कर्जतला हुतो, तर त्या पोरांचा फोन. "तात्या, उद्या सकाळी सातला घाटावर या. किसनरावांवर दोन शब्द बोलायचेत."

आता तुमीच सांगा, आपल्याकडं सकाळी सातला नदीच्या घाटावर मानसावर दोन शब्द कवा बोलत्यात? दहाव्यालाच ना! फोन ठेवला अन् ढसाढसा रडलो. दोस्त गेला, अन् मला कुनी कळवलंबी न्हाई!

घाटावर खुर्चीत किसनचा जवानीतला फोटो ठेवलेला. मी हार घातला. कॅमेरा सुरू. "किसन आपल्याला सोडून गेला. असा गडी पुन्हा होणे न्हाई. ईश्वर मृतात्म्यास शांती देवो!"

डायरेक्टर पोरगं पांढरंफटक पडलं. "तात्या, अहो, कधी?" मला हुंदका आवरंना, नुसता हात हलवला. त्याला वाटलं, खबर मीच आणलीय! सगळे दोन मिनिटं उभे राहिले. माझं भाषण लगेच मोबाईलवरनं गावभर.

तासाभरात किसनच्या दारात ही गर्दी! घरच्यांना धीर द्यायला मी हार घेऊन सगळ्यात पुढं. आत बघतो तर किसन नाकाला नळी लावून बसलेला.

"कोन गेलं रं?"

"तू!"

"आरं तिच्या! दाव, काय बोललास ते."

मोबाईलवर पुरतं बघितलं त्यानं. डोळे पुसले. "एवढं चांगलं कधी तोंडावर बोलला न्हाईस, लेका. माझ्या खऱ्या दहाव्याला आनखी बोल."

"बोलतो की," म्हनलं.

महिना न्हाई लोटला, किसन खरंच गेला. लई लागलं मनाला. दहाव्याला त्याच घाटावर शब्द जुळवून बसलो. एक पुढारी बोलला, दुसरा बोलला. ज्यांनी किसनला पान्यात कधी बघितला न्हाई, तेबी बोलले. माझं नाव काय येईना. शेवटी मीच उठलो.

माईक धरलेल्या गुरुजींनी हळूच माझ्या खांद्यावर हात ठेवला.

"तात्या, बसा. तुमचं मागंच झालंय."