बाटलीवरची दुसरी ओळ

गेल्या महिन्यात तुमच्यातल्या मधलीचा घसा सुजला होता. फोनवर तिने गोळ्यांच्या पाकिटावरचं लांबलचक नाव मला एकेक अक्षर करून वाचून दाखवलं आणि विचारलं, आजी, याचा अर्थ काय गं? मी म्हटलं, लिहून कळवते. लिहायला महिना लागला. नावाचा अर्थ सांगायचा तर त्या औषधाचा वापर सांगावा लागतो, आणि वापर सांगायचा तर मी एका आईशी काय खोटं बोलले तेही सांगावं लागतं. क्रमाने सांगते.

आधी अर्थ. पेनिसिलिन हे बुरशीपासून निघालं. भिंगातून पाहिली तर ती बुरशी चित्रकाराच्या कुंचल्यासारखी दिसते, आणि लॅटिनमध्ये छोट्या कुंचल्याला जो शब्द आहे त्यावरून हे नाव पडलं. मधलीच्या गोळ्या त्याच घराण्यातल्या. माझ्या वेळचं इंजेक्शन म्हणजे बेंझिल पेनिसिलिन. यातलं बेंझिल आलं लोबानावरून. अरब व्यापारी त्याला जावाचा लोबान म्हणत, युरोपात जाता जाता त्या शब्दाचं बेंझॉइन झालं, आणि रसायनवाल्यांनी ते उचललं. मागे सोडियम लागलं तर ते औषधाचं मीठ, क्रिस्टलाइन म्हटलं तर खडीसाखरेसारखे बारीक स्फटिक. आणि मागे प्रोकेन लागलं तर गोष्टच बदलते. प्रोकेनचं औषध दुधासारखं पांढरं असतं. ते स्नायूत बसून राहतं आणि हळूहळू झिरपतं, म्हणून ते दिवसातून एकदा टोचलं तरी चालतं. स्फटिकाचं औषध पाण्यासारखं स्वच्छ. ते भराभर काम करतं आणि भराभर अंगातून निघून जातं. म्हणून ते दर तीन तासांनी द्यावं लागे.

यातलं बरंचसं मी पुढे वाचून शिकले. त्या वेळी मला फक्त तेवढंच ठाऊक होतं जे बाटलीवर छापलेलं होतं. तेवढं पुरेसं होतं.

स्वातंत्र्य नुकतंच आलं होतं, पण आपलं वऱ्हाड अजून मध्यप्रांतातच होतं, कचेरीचा प्रत्येक कागद नागपूरला जाई. माझं माहेर अमरावतीचं. आम्ही मूळचे मळेवालेच, पण वडील शाळेत इंग्रजी शिकवत. त्यांनी मला मॅट्रिक केलं आणि मग अकोल्याच्या जुन्या शहरात दिलं. सासरचा मोर्णेकाठी भाजीचा आणि फुलांचा मळा होता. घर खाऊनपिऊन सुखी होतं. वाचून सुखी नव्हतं, एवढंच.

त्या घरात माझ्याशी माणसासारखं बोलणारी एकच बाई होती, माझी मोठी जाऊ. माहेर तेल्हाऱ्याचं, अक्षरओळख नाही, पण जिभेला धार. मला नावाने कधी हाक मारली नाही. "ए मॅट्रिक, भाकर जळून राहिली वं! का तिच्यावरबी इंग्रजीत काही लिवलं हाये?" असं म्हणायची आणि जळकी भाकर आपल्या ताटात घ्यायची, सासूबाईंना दिसू नये म्हणून. दुपारी पुडीचा कागद माझ्यापुढे टाकून "वाच, का म्हणते" म्हणायची. अर्धवट फाटलेल्या बातम्या ऐकून त्यांचा शेवट स्वतः रचायची.

मार्गशीर्षात ती बाळंत झाली. मुलगी झाली. चौथ्या दिवशी तिला हुडहुडी भरली, आणि मग ताप उतरेना. आपल्याकडे बाळंतिणीच्या खोलीला तेव्हा दहा दिवस सुवेर पाळत. खोलीत शिरेल त्याने आंघोळ केल्याशिवाय घरात कशालाही हात लावायचा नाही. आत फक्त सुईण असायची, मी उंबऱ्याबाहेरून जेवण सरकवायची. दवाखान्यात न्यायची गोष्ट मी काढली, तेव्हा सासूबाईंनी "ओली बाळंतीण उंबरठ्याभायेर काढतं काय?" म्हणून ती तिथेच मिटवली. डॉक्टर गावाला गेलेले. दवाखाना त्यांचा कंपाउंडर पाहत होता.

मी वडिलांना तार करवली. त्यांनी अमरावतीच्या एका डॉक्टरकडून पेनिसिलिनच्या बाटल्या मिळवल्या आणि डब्यात कापूस भरून ओळखीच्या माणसाबरोबर गाडीने पाठवल्या. घरात सगळ्यांना केवढा आनंद झाला! कारण आदल्या वर्षी मामंजींना पाठीवर काळपुळी झाली होती, तेव्हा नागपूरहून आणलेल्या पेनिसिलिननेच ते उठले होते. रोज एक सुई, आठ दिवस. हाच कंपाउंडर द्यायला यायचा.

मी बाटली उजेडात धरली. पहिल्या ओळीत ठळक अक्षरांत नाव होतं. मामंजींच्या बाटलीवर असलेला प्रोकेन हा शब्द त्यात नव्हता. दुसरी ओळ मुंग्यांसारखी बारीक होती: पाण्यात विरघळवून दर तीन तासांनी द्यावे.

ओसरीवर कंपाउंडर सुई उकळत होता. मी पदर सावरून दाराआडून म्हटलं, "हे मामंजींचं औषध नाही. ते पांढरं होतं. याच्यावर दर तीन तासांनी द्या असं लिहिलंय."

"पेनिसिलिनच हाये ना, बाई?"

"आहे. पण वेगळं आहे."

"मी अकरा वर्सं सुया टोचून राहिलो. तुमी किती टोचल्या?"

सासूबाई तुळशीपाशी उभ्या होत्या. "दर तीन तासाले? मंजे दिसारात्री आठ खेपा? आन दर खेपेले आंघोय? या थंडीत?"

"मंग मलेच पेनिसिलिन लागन," कंपाउंडर म्हणाला, आणि ओसरीवर सगळे हसले. मामंजी हसले, माझा नवराही हसला.

मी म्हटलं, "मला शिकवा. मी टोचीन."

"तू सुवेरात शिरली तं चुलीपाशी कोन बसन?" सासूबाई म्हणाल्या. "तुयं मॅट्रिकचं सर्टिफिकेट रांधन काय?"

शेवटी मामंजींनी निवाडा दिला. "एकदमच देऊन टाक बाप्पा साऱ्या दिसाचं. मोठा डोस, मोठा जोर."

हे मामंजी म्हणाले, हे मला अजून गिळवत नाही. हा माणूस मेथीच्या वाफ्याला चार दिवसांचं पाणी कधीही एकदम सोडत नसे. पाळी चुकली तर गड्याच्या अंगावर धावून जाई, "मुळ्या कुजोतं काय, आन परवा तहानल्या मारतं काय?" म्हणून ओरडे. कोथिंबिरीला काय लागतं हे त्याला पानाच्या रंगावरून कळे. सुनेच्या रक्तालाही पाळीने काही लागू शकतं, हे त्याला कळून घ्यायचं नव्हतं. मी बोलले ही गोष्ट त्याला जास्त खुपली होती.

तर, दिवसातून एक सुई. सकाळी कंपाउंडर यायचा, टोचायचा, विहिरीवर बादलीभर पाणी अंगावर ओतून कुडकुडत निघून जायचा. दुपारपर्यंत जावेचा ताप उतरायचा, ती सुईणीशी बोलायची, मुलीला पाजायची. घरात म्हणत, बघा, गुण येऊन राहिला. दिवस कलायच्या आत ताप पुन्हा चढायचा. रोज असंच. मी वहीच्या मागच्या पानावर वेळा मांडत होते. ताप उतरला ती वेळ, चढला ती वेळ. ते पान घेऊन मी नवऱ्याकडे गेले. तो म्हणाला, "वडलापुढं मी काय बोलू?" जावेचा नवरा तर घरात थांबतच नसे, दिवसभर मळ्यात झेंडू खुडत बसे. त्या हंगामात एवढा झेंडू कोणाला लागत होता, मला माहीत नाही.

एका दुपारी ती आतून म्हणाली, "ए मॅट्रिक, का म्हणते वं तुयी बाटली? वाच ना मले."

मी उंबऱ्यावर बसून नाव वाचलं.

"बापा! इतकं नाव घेयपरेंत तं मी उठून बसन." मग थोड्या वेळाने, "आन खाली?"

"खाली काय?"

"पुडीवर खाली असते ना काही. शेवट."

मी तिला खरं सांगितलं. दर तीन तासांनी द्यायचं लिहिलंय, आणि हे लोक एकदाच देतात. सुईण लोबानाची धुरी फिरवत होती, खोली धुराने भरली होती. मग जाऊ म्हणाली, "आता तू नको बोलू वं. मी हाये तोवर तुले सांभाळून घेते. नसली तं तुयं कठीण जाईन."

दहाव्या दिवशी, सुवेर फिटायच्या आदल्या सकाळी, ती गेली.

दर तीन तासांनी दिलं असतं तर ती जगली असती का? मला ठाऊक नाही. मी पुढे दोन डॉक्टरांना विचारलं. एक म्हणाला, कदाचित. दुसरा म्हणाला, आता विचारून काय उपयोग. पण न दिल्याचं मला ठाऊक आहे, आणि का दिलं नाही तेही ठाऊक आहे. आठ आंघोळी जड झाल्या.

मातीला येऊन गेलेली तेल्हाऱ्याची माणसं तिसऱ्या दिवशी पुन्हा आली, तिचे दोघे भाऊ आणि आई. भाऊ ओसरीवर उभ्यानेच बोलू लागले. "डाक्टर नाही दाखोला. दवा नाही केली. आमची बहीण मारली तुमी." शेजारपाजार जमला. मामंजींचा चेहरा काळाठिक्कर पडला. आणि मग त्यांनी जे केलं, ते त्या घरात कधी झालं नव्हतं. "लायन्या सुनेले बोलवा," ते म्हणाले. "बाटली घेऊन ये म्हणा."

मी बाहेर आले. तोपर्यंत पुरुषांसमोर मी दाराआडूनच बोलत असे. आता मला मधोमध उभं केलं.

"वाच," मामंजी म्हणाले. "मोठ्यानं वाच."

मी वाचलं. क्रिस्टलाइन बेंझिल पेनिसिलिन सोडियम. वडिलांनी शिकवलेले उच्चार होते, स्वच्छ. इंग्रजी ऐकून भाऊ गप्प झाले. कोणीतरी म्हणालं, "मंजे सायबाले देतात थे." कोणी म्हणालं, "आता देवापुढं का चालते?" मामंजींची मान ताठ झाली. "आयकलं? आमी काही कमी नाही केलं. जाय वं, आत जाय."

मी वळले. तेवढ्यात खांबापाशी बसलेली तिची आई म्हणाली, "थांब वं पोरी."

ती उठून जवळ आली. वाकून बाटलीकडे पाहिलं. "याच्या खाली बी लिवलेलं दिसते. बारीक. थे का हाये?"

मामंजी माझ्याकडे पाहत होते. तिथे काय लिहिलंय हे त्यांना माझ्याच तोंडून कळलेलं होतं. सासूबाई दारात होत्या. माझा नवरा जमिनीकडे पाहत होता. मी सतरा वर्षांची होते, असं मी पुष्कळ वर्षं स्वतःला सांगत आले. पण सतराव्या वर्षीही मला वाचता येत होतं.

मी म्हटलं, "कंपनीचा पत्ता आहे, मावशी."

तिने मान हलवली. मग माझ्या हातातून ती बाटली मागून घेतली. "राहू दे मायापाशी. माया लेकीची शेवटची दवा." पदराच्या टोकात तिने ती बांधली. मला जवळ घेऊन म्हणाली, "तू होती म्हणून समजलं तरी. या घरात वाचणारं कोन हाये?"

बारा दिवसांचं मूल घेऊन ते लोक तेल्हाऱ्याला गेले. ती पोर आजोळीच वाढली.

त्यानंतर दर संक्रांतीला तेल्हाऱ्याहून माझ्या नावाने तिळाची पुरचुंडी येऊ लागली. घराच्या नावाने नाही, मामंजींच्या नाही, माझ्या. निरोप एकच असायचा, वाचणाऱ्या पोरीला द्या. मी ते तीळ भाजायची, त्याचे लाडू करायची. सगळे खायचे, मीही खायची. मामंजी एकदा लाडू हातात घेऊन म्हणाले, "चांगली माणसं हायेत तेल्हाऱ्याची." मी त्यांच्याकडे पाहिलं तेव्हा त्यांनी लाडू पूर्ण खाल्ला. त्या दिवसापासून आम्ही दोघं एकमेकांना ओळखून होतो. घरात माझा मान वाढला. मला चुलीपासून सोडवून मळ्याच्या पट्ट्यांचे आणि कचेरीचे कागद वाचायला बसवू लागले. मी जे वाचीन ते त्यांनी मानायचं, अशी पद्धत पडली.

तेरा की चौदा संक्रांती झाल्या. वऱ्हाड महाराष्ट्रात आलं होतं, मामंजी वारले होते. त्या वर्षी तीळ आले नाहीत. मला वाटलं, म्हातारी गेली असेल. किंवा पीक बुडालं असेल. फेब्रुवारीत तेल्हाऱ्याचा एक भाजीवाला बाजारात भेटला, त्यांच्याच गल्लीतला. मी विचारलं, "आजीबाई कशा आहेत?"

"टणक हायेत बाई. हिंडून फिरून."

"यंदा तीळ नाही पिकला का तुमच्याकडे?"

"पिकला ना. लय चांगला पिकला." तो वांगी तोलता तोलता म्हणाला, "नात हायस्कुलात गेली त्यायची. इंग्रजीत पयली आली. आता घरात दिसन थे वाचून दाखोते आजीले."

तीळ त्यानंतर कधी आले नाहीत. मीही कधी विचारलं नाही.