हसनभाईंच्या घरचा ओटा

ग्रॅनाइटच्या प्रत्येक दुकानामागे एक जागा असते, तिथे तुकडे साठतात. ओट्यात सिंकसाठी चौकोन कापला की तो चौकोन उरतो. पायरीची पट्टी काढली की हातभर तुकडा उरतो. टाकवत नाही, कारण दगड चांगला असतो. खपत नाही, कारण मापाचा नसतो. तळेऱ्याला हायवेच्या कडेला मी गेली बावीस वर्षं ग्रॅनाइट विकतोय आणि मागे असा डोंगर झालाय. किश्श्यांचंही तसंच झालंय. बायको म्हणते, दोन्ही एकदा साफ करा. तुकड्यांचं बघू पुढे कधीतरी, किस्से मात्र आज काढतो.

यातले बहुतेक किस्से हसनभाईंचे. हसनभाई आमचे मिस्त्री, राहणार विजयदुर्ग. वैभववाडीपासून देवबागपर्यंत त्यांनी बसवलेले इतके ओटे आहेत की कुठल्याही गावात गेले तरी त्यांना चहा मिळतो.

त्यांची एक पद्धत आहे. ओटा बसवून झाला, सांधे भरून झाले, तरी ते हत्यारं आवरत नाहीत. घरातल्या बाईच्या हातात पाण्याचा पेला देतात आणि म्हणतात, "ओता." पाणी सरळ सिंकाकडे गेलं तर काम झालं. भिंतीकडे वळलं किंवा कडेवरून बाईच्या अंगावर आलं, तर दगड उपटून पुन्हा बसवायचा.

"माणूस खोटा बोलता, पाणी बोलना नाय," असं त्यांचं म्हणणं.

कणकवलीत एका डॉक्टरीणबाईंकडे पाणी जरासं, म्हणजे बोटभर, भिंतीकडे वळलं. बाई म्हणाल्या, "अहो चालेल, मी पुसून घेईन." हसनभाई कसले ऐकतात! पहार घातली, दगड उचलला आणि त्याचे मधोमध दोन तुकडे झाले. तसा दुसरा दगड यायला दीड महिना लागला. बाईंनी दीड महिना दोन स्टुलांवर फळी टाकून स्वयंपाक केला. शेवटी ओटा झाला तेव्हा मला फोन आला. "तुमचे मिस्त्री देवमाणूस आहेत. परत पाठवू नका."

आता अशा माणसाच्या स्वतःच्या घरी ओटा कसला असेल? सिमेंटचा. खरबरीत, मध्ये तडा गेलेला, आणि त्या तड्यात माशांची खवलं अडकतात. हसनभाईंच्या बायको जैनबभाभी तीस वर्षं त्याच ओट्यावर रांधतायत. त्यांना आयुष्यात दागिना नको, दुबई नको, काळ्या ग्रॅनाइटचा एक ओटा हवाय, आणि हे त्या येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येकाला सांगतात. हसनभाई दरवेळी "हाडतंय", म्हणजे आणतो, म्हणतात. खोटं नाही सांगत, ते खरंच दगड घेतात, त्यावर खडूने 'घर' असं लिहून माझ्या आवारात उभा करून ठेवतात. फक्त तो दगड घरी पोचत नाही.

*

देवबागच्या शालनकाकींचा होमस्टे आहे. स्वयंपाकघर नवं करायचं म्हणून त्या दुकानात आल्या. मी संगमरवर दाखवला, ग्रॅनाइट दाखवला, दोन्हींचे गुण सांगितले. काकींनी सगळं ऐकून घेतलं आणि पिशवीतून कोकमाच्या आगळाची बाटली, हळदीची पुडी आणि एक बांगडा काढला.

दोन्ही दगडांवर त्यांनी आगळ ओतला, हळद टाकली, ग्रॅनाइटवर बांगडा ठेवला आणि म्हणाल्या, "मी बाजार करून येतंय. हात लावू नकात."

चार तासांनी परत आल्या. फडकं मारलं. संगमरवरावर गुलाबी डाग पडला होता आणि तेवढ्या जागेची चकाकी गेली होती. ग्रॅनाइट होता तसाच.

"संगमरवर पाव्हण्यांक दाखवूक बरो," काकींनी निकाल दिला. "सोलकडी करूक काळोच होयो." मग इकडेतिकडे बघून विचारलं, "बांगडो खंय?"

बांगडा दुकानातल्या मांजराने कधीच नेला होता. ग्रॅनाइट विकताना बांगडा भरून देणारा जगातला मी एकटाच दुकानदार असेन.

पण खरी पंचाईत पुढे झाली. काकींचा दगड करूळ घाटातून येताना ट्रक आदळला आणि दगड दोन तुकड्यांत खाली उतरला. पाहुणे चार दिवसांवर आलेले. काकी रडवेल्या होऊन फोनवर बोलत होत्या आणि आवारात तसाच एक दगड उभा होता, 'घर' लिहिलेला. हसनभाई त्याच्यासमोर थोडा वेळ उभे राहिले. मग त्यांनी तळहाताने खडू पुसला.

त्या दिवशी भाभींनी कालवणात मीठ घातलं नाही. हसनभाई दोनदा वाढून घेऊन जेवले.

*

देवगडला एक साहेब मुंबईहून रिटायर होऊन आले, त्यांनी बंगला बांधला. दुकानात आल्या आल्या म्हणाले, "मला इम्पोर्टेडच दाखवा. इटालियन."

मी खोटं बोलून माल विकत नाही, निदान दगडाच्या बाबतीत. काळ्यावर सोनेरी ठिपक्यांचा एक दगड दाखवून म्हटलं, "साहेब, हा आंध्रातला. ह्याचे मोठमोठे ठोकळे बोटीत बसून इटलीला जातात, चीनला जातात. तिकडे कापून, पॉलिश होऊन जगभर विकले जातात. कुणाच्या हॉटेलात लागतात, कुणाच्या थडग्यावर. तुम्ही तिकडे बघितला असेल तो कदाचित हाच."

साहेबांचा चेहरा पडला. "म्हणजे इंडियनच की हो."

हसनभाई बाजूला बशीतून चहा पीत होते. म्हणाले, "साहेब, आमची पोरा मुंबैक जातत आणि दोन वर्सांनी हिंदी बोलत येतत. म्हणान काय ती मुंबैची झाली?"

तासभर साहेब आमच्याशी पुस्तकातल्यासारखं शुद्ध बोलत होते. आता दगडावर हात फिरवून हळूच म्हणाले, "दी बाबा तोच."

*

ओट्याच्या उंचीबद्दल हसनभाईंचा कायदा कडक आहे. जी बाई रांधते तिला उभी करायची, कढईत डाव फिरवल्यासारखा हात करायला लावायचा आणि मग माप घ्यायचं. पुरुषांनी सांगितलेली उंची ते लिहूनच घेत नाहीत.

मालवणात एक रिटायर हेडमास्तर आहेत, सगळे त्यांना गुरुजी म्हणतात. सहा फूट उंच आणि आवाज असा की अजूनही रस्त्यावरची पोरं सरळ चालतात. गुरुजी म्हणाले, "छत्तीस इंच. लिहा."

हसनभाईंनी पेन्सिल कानावरून काढलीच नाही. "रांधता कोण?"

"रांधणार कोण? ही."

ही म्हणजे गुरुजींच्या घरच्या बाई, जेमतेम पावणेपाच फूट. छत्तीस इंचांच्या ओट्यावर त्यांना कढईत काय चाललंय ते उडी मारून बघावं लागलं असतं. हसनभाईंनी त्यांना भिंतीशी उभं केलं. "बाय, जरा ढवळून दाखवा."

बाईंनी हात उचलला, हवेत अर्धं वर्तुळ काढलं आणि त्यांना हसू फुटलं. "मिस्त्री, ह्येंका उभे करा. माझी ढोपरा गेली त्याक पाच वर्सा झाली. तेवापासून हेच रांधतत. माशाचा तिकला माझ्यापेक्षा बरा करतत."

गुरुजींनी आधी खिडकीबाहेर कोण आहे का ते पाहिलं. मग भिंतीशी जाऊन उभे राहिले, व्यवस्थित ढवळून दाखवलं आणि वर्गात प्रश्न विचारायला उठलेल्या मुलासारखे म्हणाले, "मिक्सरचा प्लग उजवीकडे घेता येईल का?"

*

भाभींच्या दुसऱ्या दगडाची गोष्ट थोडक्यात सांगतो. विजयदुर्गच्या मासळीबाजारात मासे कापायचा कट्टा सिमेंटचा होता, तो उखडला. बाजारातल्या बायकांनी हसनभाईंना गाठलं. "तुमी सगळ्यांचे ओटे करतास, आमचो कधी करतलास?" हसनभाई दुसऱ्या दिवशी आवारात आले आणि 'घर' पुसून दगड टेम्पोत चढवून घेऊन गेले. कट्टा सुरेख झाला. एका बाईने पाणी ओतलं, पाणी सुतासारखं सरळ गेलं, बायकांनी टाळ्या वाजवल्या.

ईदला मी शीरखुर्मा खायला गेलो तेव्हा भीत भीत विषय काढला. मला वाटलं भाभी चिडतील.

"चिडतंय कित्याक?" भाभी म्हणाल्या. "रोज बाजारात जातंय, माझो ओटो बघून येतंय."

हसनभाई वाटीत खाली बघून खात राहिले. खरं सांगतो, मला त्या दिवशी फार वाईट वाटलं. दगड विकणारा मी, बसवणारा तो, आणि मधल्या मधे ही बाई तड्यातली खवलं काढतेय.

*

यंदा पावसाळा संपल्यावर एका सकाळी दुकानासमोर एसटी थांबली आणि जैनबभाभी उतरल्या. एकट्याच. हसनभाई त्या दिवशी देवबागला कामावर होते, हे बघूनच त्या आल्या होत्या.

"काळो दाखवा," म्हणाल्या.

मी दाखवायला लागलो. भाभींनी पर्समधून नाणं काढून पहिल्या दगडावर वाजवलं, आवाज ऐकला, "ह्येच्यात चीर आसा," म्हणाल्या. होती. दुसऱ्याच्या पाठीवर पाणी शिंपडलं, "पाणी पिता," म्हणून बाजूला केला. तीस वर्षं जेवताना नवऱ्याच्या तोंडून दगडच ऐकलाय, त्यांना मी काय शिकवणार? सहावा दगड त्यांनी पास केला. सोबत आणलेला मापाचा कागद दिला.

"पावती करा. आणि मिस्त्री दुसरो धाडा."

"भाभी, माझ्याकडे दुसरा मिस्त्री कुठे आहे?"

भाभींनी विचार केला. "मगे तेंका सांगा, गिराइकाचा काम आसा. घरचा म्हटल्यार ते येनत नाय."

माझ्या हातातला खडू घेऊन त्यांनी दगडावर मोठ्या अक्षरांत लिहिलं, 'गिराईक'. आणि परतीच्या एसटीने गेल्या.

दुसऱ्या दिवशी हसनभाईंनी दगड पाहिला. अक्षर ओळखलं असणारच. हात खडूपर्यंत गेलाही, पण पुसायला नव्हे, एक अक्षर फिकट झालं होतं त्यावरून बोट फिरवून बघितलं फक्त.

"किती वाजता?" त्यांनी विचारलं.

"गुरुवारी नऊला. गिऱ्हाईक म्हणालं, उशीर चालणार नाही."

गुरुवारी टेम्पोबरोबर मीही गेलो, चुकवणं शक्यच नव्हतं. हसनभाई आठ वाजता स्वतःच्या घरातून निघून जेटीवरच्या टपरीवर जाऊन बसले होते. नऊला हत्यारांची पिशवी खांद्याला लावून आले आणि स्वतःच्या दाराची कडी वाजवली.

भाभींनी दार उघडलं. "इलास? बसा." आणि चहा पायरीवर आणून दिला, कामाला आलेल्या माणसाला देतात तसा. हसनभाईंनी तो मुकाट्याने पायरीवर बसून प्याला.

आत गेल्यावर त्यांनी पेन्सिल काढली. "रांधता कोण?"

"मी," भाभी म्हणाल्या. "तीस वर्सा."

त्यांनी भाभींना भिंतीशी उभं केलं, ढवळायला लावलं, माप घेतलं. जुना ओटा फोडला तेव्हा भाभी दुसऱ्या खोलीत गेल्या आणि डोळे पुसून परत आल्या. दगड बसवायला हसनभाईंनी इतका वेळ कधीच घेतला नव्हता. लेव्हल तीनदा लावली, तीनदा उचलली. भाभी मागे उभ्या होत्या आणि ह्या माणसाच्या मानेवर घाम होता. इतक्या वर्षांत मी त्यांना घाबरलेलं पहिल्यांदा पाहिलं.

तिसऱ्या प्रहरी ओटा झाला. काळाभोर, त्यात खिडकीबाहेरचा माड दिसत होता. भाभींनी त्यावर तळहात ठेवला आणि तो तसाच राहू दिला.

हसनभाईंनी पेला भरून त्यांच्या हातात दिला. "ओता," म्हणाले. आणि दरवेळी वाकून बघणारा माणूस ह्या वेळी पाठ फिरवून हात धुवायला दारापाशी गेला.

भाभींनी पाणी ओतलं. ते सिंकाच्या दिशेने निघालं, अर्ध्या वाटेवर थांबलं, आणि मग अगदी सावकाश कडेकडे वळून भाभींच्या अंगावर आलं.

मी भाभींकडे पाहिलं. भाभींनी माझ्याकडे पाहिलं. कोपऱ्यात पहार उभी होती. भाभींनी ओढणीने कड पुसली, ओटा पुसला, दगड लख्ख कोरडा केला.

"खंय गेला?" हसनभाईंनी दारातूनच विचारलं. अजून पाठच होती.

"जावक होया थय," भाभी म्हणाल्या, आणि ओल्या ओढणीचं टोक मुठीत घट्ट धरून त्यांनी नव्या ओट्यावर चहाचं आधण ठेवलं. "हात पुसा आणि आत येवा. चाय हय घेवया."