दोनशे अडतीस किस्ती

हो, तर जलेबी दीड किलो होती. काल मी दोन किलो म्हणालो, ते चुकलं. सरिताने आज सकाळी भिंतीपलीकडून हटकलंच, "काकाजी, दीड होती, अन् त्यातली पावभर तुमीच खाल्ली." खाल्ली असेल बुवा. गरम जलेबी आणि पोह्याचा द्रोण समोर आला की मी मोजत बसत नसे. पण ती जलेबी कशाबद्दल होती हे बारा वर्षांनी कळलं, आणि तेव्हापासून मी जलेबीला हात लावलेला नाही.

सरिता ही धर्मपालची बायको. आणि धर्मपाल म्हणजे रायपूरच्या भनपुरीत माझ्या भिंतीला भिंत लावून राहणारा, साकोलीकडून आलेला माणूस. सिलतऱ्याच्या एका रोलिंग मिलमध्ये क्रेन चालवायचा. तीस फुटांवर लोखंडाची खोली, खाली लालभडक सळया, आणि हा वर एकटा. पाणी कमी प्यायचा. का, तर लघवीला उतरावं लागतं, आणि उतरलं की सुपरवायझर घड्याळ बघतो. अशी नोकरी केलेला माणूस बोलका कसा होणार? काही विचारा, उत्तर एकच, "चालते." एकदा त्याच्याच लग्नाच्या वाढदिवसाला सरिता त्याला म्हणाली, "साडी कशी दिसून राहिली?" तर म्हणे, "चालते." दोन दिवस त्याला डब्यात नुसती भाकर मिळाली. तीही चालली.

मी रेल्वेच्या यार्डातून निवृत्त झालेला, गावच्या शाळेत सातवीपर्यंत शिकलेला. इंग्रजी अक्षरं ओळखतो, कारण डब्यांवर लिहिलेली असायची. पण हिशेब मात्र पक्का. पावकी-निमकी आजही तोंडपाठ.

तर नवं राज्य झालं, रायपूर राजधानी झालं, आणि दोन-तीन वर्षांत या शहराला पैशाची खाज सुटली. ज्या शेतात काल लाखोळी होती तिथे आज प्लॉटचे दगड. चौकाचौकात मंडप टाकून बँकांची टाय घातलेली पोरं बसायची, येणाऱ्याजाणाऱ्याला 'सर' म्हणून हाक मारायची. धर्मपालला जन्मात पहिल्यांदा कोणी सर म्हटलं. भाड्याच्या खोल्या बदलून कंटाळलेला तो आणि सरिता, दोघांनी दोन हजार चार साली घर घेतलं. दोन खोल्या, स्वयंपाकघर, वर पत्रा. एक लाख जवळचे, चार लाख बँकेचे. पावणेआठ टक्के व्याज, पंधरा वर्षं, महिन्याला तीन हजार सातशे पासष्टची किस्त. एकशे ऐंशी किस्ती. पत्र्यावर रोज सकाळी कारखान्यांची काळी धूळ बसायची, सरिता रोज झाडायची आणि म्हणायची, "आपल्या घरची धूळ हाय."

तीन वर्षं झाली आणि बँकेचं पत्र आलं. इंग्रजीत. आता आमच्या गल्लीत इंग्रजीचा धनी एकच, यज्ञेश्वरबाबू. नव्या राजधानीतल्या कुठल्याशा सरकारी ऑफिसात फाइली हलवायचे, म्हणून शर्टाच्या खिशाला दोन पेन. ते पत्र त्यांनी हात लांब करून धरलं, ओठ हलवले, आणि म्हणाले, "अरे धर्मपाल, खुशखबर! ब्याज वाढून राहिलं सगळीकडे, पण तुझी किस्त तेवढीच ठेवली. किस्त बदलणार नाही, असं लिहिलंय."

"अन् हे दोनशे अडतीस काय हाय?" सरिताने बोट ठेवलं. आकडा तिला वाचता येत होता.

"तो चिठ्ठीचा नंबर असेल. जावक क्रमांक. आमच्या ऑफिसात पण असतो."

झालं! शेजारच्या महेशला अडीच हजारांची किस्त तीन हजार झाली होती, आणि आपली वाढली नाही, म्हणून सरिताने पदराची गाठ सोडली. दीड किलो जलेबी आली. यज्ञेश्वरबाबूंना वाचनाचा मान म्हणून पहिली. मी टाळ्या वाजवल्या, खोटं कशाला सांगू.

त्यानंतर बारा वर्षं धर्मपालने एक किस्त चुकवली नाही. डेंग्यू झाला, किस्त गेली. मिल दोन महिने बंद पडली, सरिताने पापड लाटले, किस्त गेली. दोन हजार एकोणीसच्या जूनमध्ये एकशे ऐंशी पूर्ण झाल्या, आणि त्याच महिन्याच्या अखेरीस तो मिलमधून निवृत्त होणार. सगळं कसं जुळलं होतं. रजिस्ट्रीचे कागद घरी येतील, पीएफचे चार लाख पाच हजार हाती पडतील, त्यावर म्हातारपण आणि सरिताच्या साखरेची औषधं. खाजगी मिल, पेन्शन म्हणजे महिन्याच्या भाजीपुरती.

मला सोबत घेऊन तो बँकेत गेला. धुतलेला शर्ट, कागद आणायला कापडी पिशवी. आत गार हवा, उदबत्तीसारखा कसला तरी गोड वास, काचेच्या वाटीत टॉफ्या. भिंतीवर एका हसऱ्या कुटुंबाचं चित्र, हातात किल्ली. दात असे की दातांचंच कर्ज काढलंय. टेबलामागे निरंजन नावाचा पोट्टा. मराठी घरातला, आम्ही बोललो ते सगळं समजत होतं त्याला, पण उत्तर हिंदीत.

"बाबू, किस्ती झाल्या. कागद दे," धर्मपाल म्हणाला.

पोट्ट्याने टकटक केलं, मान वर न करता म्हणाला, "अंकल, अभी चौरानवे किस्तें बाकी हैं."

चौऱ्याण्णव बाकी? मला वाटलं दुसऱ्याचं खातं उघडलं. धर्मपालने पासबुक पुढे सरकवलं. तेच खातं. मग निरंजनने कागद छापून दिला. तो मी घरी आणून दोन दिवस वाचला, तेव्हा कुठे कळला.

झालं होतं असं. त्या दोन हजार सातच्या पत्राने व्याज पावणेआठवरून साडेअकरा केलं होतं. किस्त वाढवली असती तर धर्मपाल ओरडला असता, कुठून तरी पैसे उभे केले असते, भांडला असता. म्हणून किस्तीला हातच लावला नाही. उरलेल्या एकशे चव्वेचाळीस किस्तींच्या दोनशे अडतीस केल्या. तोच आकडा, यज्ञेश्वरबाबूंचा जावक क्रमांक! तीन हजार सातशे पासष्टपैकी तीन हजार तीनशे शहात्तर नुसते व्याजात जायला लागले. मुद्दलाला मिळाले तीनशे एकोणनव्वद. विहिरीतून दहा बादल्या काढाव्या आणि नऊ म्हशीने प्याव्या, तसं. हौद कधी भरणार? पंधरा वर्षांत धर्मपालने सहा लाख सत्त्याहत्तर हजार सातशे भरले. त्यातले पाच लाख दहा हजार तीनशे व्याज. चार लाखांच्या मुद्दलातले अजून दोन लाख बत्तीस हजार सहाशे उभेच.

आणि याची आम्ही जलेबी खाल्ली.

पण मला अजून एक आशा होती. गावच्या शाळेत आमचे गुरुजी बोरं घेऊन हिशेब शिकवायचे. "सावकाराने चार बोरं दिली तर व्याजाची चारच बोरं घेता येतात. पाचवं घेतलं तर तो चोर. याला म्हणतात दामदुप्पट." पाठ करून घेतलं होतं. मी धर्मपालला म्हटलं, "चार लाखांवर पाच लाख दहा हजार व्याज? एक लाख दहा हजार तर त्यांनाच परत करावे लागतील! चल."

परत गेलो. मी टेबलावर थाप मारली. "दामदुप्पट माहीत आहे का?"

निरंजन म्हणाला, "ये कौन सी स्कीम है, अंकल?"

शेजारच्या टेबलावरची मुलगी तोंडावर फाइल धरून हसली. मी तरी सोडलं नाही. बाहेर पडून ओळखीच्या एका वकिलाला गाठलं. तो म्हातारा माणूस, त्याला शब्द माहीत होता. म्हणाला, "अहो, तो नियम थकलेल्या व्याजाला. न देता साठत गेलं तर मुद्दलाएवढं झाल्यावर थांबतं. अन् बँकेपुढे तेही चालत नाही. यानं तर दर महिन्याला चुकतं केलं. याला कशाचं दामदुप्पट?"

म्हणजे बघा, गुरुजींचा तो नियम बुडवणाऱ्यासाठी होता. वेळेवर देणाऱ्याला गुरुजींच्या बोरांतही जागा नाही. मी त्या वकिलाच्या पायरीवर थुंकलो. नंतर पाण्याने धुतलं, पण थुंकलो.

संध्याकाळी सरिताच्या ओट्यावर बसलो. तिने चहा दिला आणि सुरूच झाली, "काकाजी, तुमचं दामदुप्पट बँकेत नाई चाललं, तं इथं चालवा. एक कप देला, दोन वापस करा."

"सरिता, मजाक नको."

"मंग काय करू? रडू? त्या यज्ञेश्वरबाबूले जावक क्रमांक दाखवते मी चांगला!" दोनशे अडतीसचा अर्थ कळल्यापासून यज्ञेश्वरबाबूंनी गल्ली बदलून जायला सुरुवात केली होती. भाजीलाही मागच्या बाजूने.

मी धर्मपालला पाटीवर मांडून दाखवलं. रस्ता पहिला, चौऱ्याण्णव किस्ती भरत राहायच्या. साडेतीन लाखांवर जाणार, पगार नसताना, वयाच्या सहासष्टाव्या वर्षापर्यंत. रस्ता दुसरा, पीएफमधून दोन लाख बत्तीस हजार सहाशे एकदम टाकून मोकळं व्हायचं. सव्वा लाख वाचतात, पण हाती उरतात पावणेदोनच लाख. आणि मधला एक रस्ता होता तो सांगतानाच माझी जीभ कडू झाली. बँक नव्या गिऱ्हाइकाला तेव्हा पावणेनऊ टक्क्याने कर्ज देत होती. जुन्यालाही कमी करून मिळत होतं, थोडी फी भरून अर्ज केला तर. मी निरंजनला विचारलं होतं, "इतकी वर्षं सांगितलं का नाही?" तो म्हणाला, "अंकल, इन्होंने कभी अप्लाई ही नहीं किया." जसं काही अर्जाचा कागद क्रेनवर लटकत होता आणि धर्मपालने उचलला नाही.

"आता कमी करून घेतलं तं?" सरिताने विचारलं.

"तरी त्र्याऐंशी किस्ती. पगार कुठाय?"

सरिताने पत्र्याकडे पाहिलं, मग नवऱ्याकडे. "माह्या औषधाचं नोका पाहू," ती म्हणाली. "मी पापड लाटीन. पण पोस्टमननं बँकेचा कागद आनला का माह्या पोटात गोळा येते, थो गोळा घेऊन मले मराचं नाई."

धर्मपाल म्हणाला, "चालते." आणि त्याने पहिला रस्ता पाटीवरून तळव्याने पुसून टाकला.

जुलैत पीएफ आला. आम्ही तिघे बँकेत गेलो, सरितासुद्धा. चेक दिला. निरंजनने चेक उजेडाकडे धरून पाहिला, जणू पंधरा वर्षांत या माणसाने एकदा तरी खोटं नाणं दिलं होतं. पंधरा दिवसांनी पुन्हा बोलावलं. कागद आले, पिवळे पडलेले, एका कोपऱ्याला वाळवी लागलेली. वाळवीचंही काही बाकी असेल. सरिताने ते छातीशी धरले आणि खुर्चीवर बसली.

आम्ही उठणार तोच निरंजनने टॉफीची वाटी पुढे सरकवली. तोंडभर हसला, भिंतीवरच्या चित्रासारखा. "अंकल, बधाई हो! अब घर पूरा आपका है. और आपका रिकॉर्ड तो एक नंबर. एक भी किस्त लेट नहीं. इसी घर पर पाँच लाख का नया लोन पंद्रह मिनट में हो जाएगा. छत पक्की करवा लीजिए. फॉर्म भर दूँ?"

मी काठी उचलली होती, खरंच सांगतो. सरिताने माझा हात धरला. धर्मपालने वाटी दोन बोटांनी हळूच त्याच्याकडे परत ढकलली, खुर्ची ओढून पुन्हा बसला, आणि त्याच्या डोळ्यात पाहून म्हणाला,

"फारम राहू दे, बाबू. तू घरी आईसंग मराठी बोलत असशीन, तं मराठीत एक कागद लिहून दे मले. लिही का या मानसानं चार लाख घेतले, अन् नऊ लाख दहा हजार तीनशे भरले. खाली सही माही नाई, तुही कर. अन् उद्या कोनी माह्यासारखा या खुर्चीवर येऊन बसला, तं त्याची सही घ्यायच्या आधी थो कागद त्याले मोठ्यानं वाचून दाखवजो. लिही, मी बसून हावो."