रोझारिया आणि एकीचा दिवस

लेबनॉनला माझी पोस्टिंग निघाली तेव्हा माझं वय चोवीस. रँक लान्स नायक, मिलिटरी पोलीस. शिक्षण दहावी, ती पण दुसऱ्या खेपेला. शांतिसेनेला बायका पाहिजे होत्या, कारण तिथल्या गावातल्या बायका परक्या पुरुषाशी बोलत नाहीत. आमची छोटी तुकडी इटालियन कॅम्पला अटॅच केली. निळं हेल्मेट, अंगात बुलेटप्रूफ, हातात रायफल, त्याची भीती नव्हती. भीती होती ती इंग्लिश बोलायची.

आता मी टोकियोत ओजिमाला राहते. आमचे हे आयटीत. बिल्डिंगमधल्या बायका सगळ्या पुण्याच्या, शिकलेल्या. खाली कचरा टाकायला गेले की विचारतात, "काय गं, खरंच बंदूक चालवलीस का तू?" मी हसते आणि वर येते. इथल्या मराठी मंडळाच्या अंकात लिही म्हणल्या म्हणून बसलेय, पोरगं झोपलंय तेवढ्यात, धाप लागल्यासारखं लिहितेय, चुकलं तर सांभाळून घ्या.

तर तिथलं रूटीन असं. पहाटे पीटी, मग गेट ड्यूटी, मग पेट्रोलिंग. माझी जोडीदार कापोराले रोझारिया, म्हणजे आपल्याकडची नायक समजा. नेपल्सच्या मागे डोंगर आहेत, त्यातल्या गावातली. तिचं पण इंग्लिश माझ्यासारखंच मोडकंतोडकं, म्हणून आमचं जमलं. माझ्या चहाला ती "बाळाचं दूध" म्हणायची. मी तिच्या कॉफीला काढा म्हणायचे.

त्यांचा सार्जंट पाओलो. तो तुरीनचा, वर उत्तरेचा. त्यांच्यात उत्तरेची माणसं दक्षिणेच्यांना 'तेर्रोने' म्हणून चिडवतात, म्हणजे मातीतली, गावंढळ. पाओलो रोज सकाळी तिला म्हणायचा, "काय मातीवाले, उठलीस का?"

ती म्हणायची, "माती नसती तर सार्जंटनी काय खाल्लं असतं? दगड?"

सगळे हसायचे. तो पण हसायचा. वाईट माणूस नव्हता, हे आधीच सांगते.

मार्चमध्ये त्यांचा एकीचा दिवस असतो. दीडशेवर वर्षांमागं इटली म्हणजे वेगवेगळी राज्यं होती, वेगळे राजे. मग गॅरिबाल्डी म्हणून एक मोठा लढवय्या लाल शर्टवाले हजार गडी घेऊन जहाजातून दक्षिणेत उतरला, तिथल्या राजाला हरवलं, मुलूख जिंकला आणि उत्तरेच्या राजाच्या हातात दिला. देश एक झाला. हे मला पाओलोनी सांगितलं, छाती फुगवून. त्याच्या पलटणीच्या टोपीला काळी लांब पिसं असतात, परेडला ती वाऱ्यावर उडतात. दिसायला लई रुबाबदार.

आदल्या दिवशी संध्याकाळी रोझारिया शस्त्र साफ करत होती. मी म्हणलं, "उद्या परेड, मजा आहे तुझी."

ती म्हणली, "मार्चमध्ये देश एक झाला. ऑगस्टमध्ये देशाच्या सैन्यानी आमचं गाव जाळलं."

मला वाटलं माझं इंग्लिश चुकतंय. म्हणलं, "शत्रूनी?"

"नाही. आमच्याच सैन्यानी. हीच पिसं लावून आलेले." तिच्या आजीला तिच्या आजीनी सांगितलेलं. नवा राजा, नवे कर, पोरांना सक्तीनी सैन्यात न्यायचे, म्हणून डोंगरातली माणसं उठली आणि त्यांनी सैनिक मारले, पुष्कळ मारले. मग पहाटे पलटण आली. दारं बाहेरून लावली आणि आग दिली. बाहेर पळेल त्याला गोळी. तिच्या शाळेच्या पुस्तकात ते नव्हतं.

"मी भरती झाले आणि युनिफॉर्म घालून घरी गेले," रोझारिया म्हणली. "आजी माझ्या बुटांवर थुंकली. अजून बोलत नाही माझ्याशी."

"मग भरती का झालीस?"

"गावात दुसरं काम काय आहे?"

आमच्याकडं तरी दुसरं काय होतं.

आपल्या फौजेत एक रीत आहे. दुसऱ्याचा सण असला की त्याची ड्यूटी आपण करायची. ईदला बाकीचे उभे राहतात, दिवाळीला ते. आमचे सुभेदार कदम साहेब कोल्हापूरचे, त्यांनी मोठ्या मनानी पाओलोला सांगितलं, "उद्या तुमचा सण. पेट्रोलिंग आमच्याकडं." पाओलोनी त्यांना मिठीच मारली. रोझारिया पुढं झाली आणि म्हणली, रस्ता मला माहीत आहे, मी यांच्याबरोबर जाते. त्या टोपीमागं तिला उभं राहायचं नव्हतं. पाओलोला वाटलं ती पाहुण्यांची मदत करतेय. परवानगी दिली.

सकाळी दहाला निघालो. रात्री पाऊस झालेला. गावाबाहेर ऑलिव्हच्या बागेत एक म्हातारी लाकडाची मोळी उचलत होती, तिला उचलेना. रोझारिया बघत राहिली. मग मला म्हणली, "दोन मिनिटं," आणि रस्ता सोडून बांधावरून खाली उतरली. ती बाग सुरुंग काढून साफ केलेली होती, नकाशात हिरवी, म्हणजे धोका नाही. पण वरच्या डोंगरात जुन्या लढाईतले सुरुंग होते, आणि पावसात माती घसरते तशी त्यातला एक घसरून खाली आलेला.

आवाज झाला. म्हातारीला काही झालं नाही.

सुभेदार साहेब ओरडले, "कोणी हलायचं नाही!" मग माझ्याकडं बघून म्हणले, "पोरी, तिच्याच पावलावर पाऊल ठेवून जा." मी गेले. तिचे दोन्ही पाय गुडघ्याखाली नव्हते. मी रक्त थांबवायला मांड्यांना पट्टे आवळले, हात नुसते सटकत होते.

साहेब रेडिओवर. "कंट्रोल, टायगर टू. माइन ब्लास्ट. एक कॅज्युअल्टी, सिरियस. ओव्हर."

रेडिओतून बँड ऐकू आला.

"कंट्रोल, टायगर टू, ॲम्ब्युलन्स पाठवा. ओव्हर."

बँड. सगळी छावणी मैदानात सावधान उभी होती, रेडिओवरच्या पोरानी माइक चालू ठेवलेला, बहुतेक आम्हाला पण राष्ट्रगीत ऐकू यावं म्हणून. त्यांनी माइकचं बटण सोडेपर्यंत आपला आवाज पलीकडं जात नाही. साहेब त्या सेटला शिव्या देत होते, आणि सेटमधून शेकडो माणसं एका सुरात गात होती.

गाणं संपल्यावर उत्तर आलं. मग गाडी आली. पाओलो सगळ्यात पुढं, परेडमधून तसाच पळत आलेला, डोक्यावर ती पिसांची टोपी. तो तिच्यावर वाकला. तिनी ती टोपी बघितली आणि बोलायला लागली. इतका वेळ माझ्याशी इंग्लिश बोलत होती, ते बंद झालं. तिच्या गावची बोली. तेच तेच, परत परत.

मी पाओलोला म्हणलं, "काय म्हणतीय? सांगा ना, काय पाहिजे तिला?"

तो तिच्या तोंडाला कान लावून बसलेला. त्यानी मान वर केली. "मला कळत नाही," तो म्हणला. "ती आमची भाषा बोलत नाहीये."

हेलिकॉप्टर यायच्या आत ती गेली.

ते शब्द मात्र माझ्या डोक्यात बसले, अर्थाशिवाय, पाढ्यासारखे. पाओलोनी तेव्हा माझ्याकडून वदवून घेतले. शवपेटी घेऊन तोच तिच्या गावी गेला. आजीनी विचारलं, कुठला तू? तुरीन म्हणल्यावर तिनी दार लावलं. त्यानी नोकरी सोडली, तरी दरवर्षी जायचा. दरवर्षी दार बंद. माझं पण पुढं लग्न झालं, बाळ झालं, फौज सुटली.

मागच्या महिन्यात पोराला ताप चढला. चार वर्षांचा आहे, पाळणाघरात जातो, आमच्याशी पण जपानीच बोलतो. तापात बडबडत होता. "सेन्सेई", म्हणजे शाळेतल्या बाई, तेवढं कळलं, पुढचं एक अक्षर नाही. मी मराठीत विचारते, बाळा काय होतंय, कुठं दुखतंय, तो जपानीत रडतो. मी त्याची आई, आणि मला कळेना. हे ऑफिसात, फोन लागेना. मी फडकं ओलं करून त्याच्या कपाळावर ठेवत राहिले.

तेवढ्यात व्हिडिओ कॉल आला. इथं रोज संध्याकाळी पाचला बाहेर भोंग्यावर गाणं लावतात, ते चालू होतं. पाओलो, केस पिकलेले, कुठल्या तरी स्वयंपाकघरात. मागं एक काळ्या कपड्यातली म्हातारी आणि शेजारची पोरगी.

"यंदा आजीनी दार उघडलं. पण रोझारियाचे ते शब्द म्हणते माझ्या तोंडून नको," तो म्हणला. "हिंदुस्थानच्या पोरीनी सांगितलं तर ऐकेन."

पोरगं मांडीवर तापलेलं. मी ते शब्द म्हणले. म्हातारीनी फोन हातात घेतला, बोटानी खूण केली, परत. मी परत म्हणले. तिसऱ्यांदा ती माझ्याबरोबर ओठ हलवत होती.

पाओलोनी विचारलं, काय म्हणली होती ती? म्हातारीनी त्याच्याकडं बघितलं पण नाही. शेजारच्या पोरीला काहीतरी सांगितलं, पोरीनी त्याला इटालियनमध्ये, त्यानी मला.

"म्हणते, हे पलटणीसाठी नाही. आता जा."

तो फोन घेऊन उठला, बाहेर आला. फोन हातात तसाच चालू राहिला होता. मला दगडी रस्ता दिसत होता आणि त्याचे बूट. बराच वेळ बूट हलले नाहीत.

कापोराले रोझारिया, तेवीस वर्षांची. तिचे शेवटचे शब्द मला अजून तोंडपाठ आहेत. ते मी इथं लिहिणार नाही.