टाच बांधाला लागेपर्यंत

श्री. गोविंदराव सकपाळ यांची आणि माझी पहिली ओळख त्यांच्या टाचेने करून दिली. मुंबईत आमच्या गिरणीच्या फुटबॉल संघाची निवड चालली होती. संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीचे दिवस ते. निम्मे खेळाडू सभेला आणि निम्मे मैदानावर, अशी आमची अवस्था असे. मी गोलकीपर. समोरून आमचा सगळ्यात चपळ गडी चेंडू घेऊन येत होता आणि त्याच्या पुढ्यात एक अनवाणी तरुण चेंडूवरची नजर जराही न काढता भराभर मागे मागे येत होता. येता येता तो थेट माझ्या पायावरच उभा राहिला.

"अरे, मागे बघशील की नाही?" मी ओरडलो.

"मागं बघितला तं म्होरचा जाल ना," पाठमोऱ्यानेच त्याने उत्तर दिले, आणि त्याच दमात पाय घालून त्याने चेंडू काढून घेतला.

माझ्या अंगठ्याचे नख त्या दिवशी काळेनिळे झाले. गोविंदराव मात्र संघात आले, आणि पुढची कितीतरी वर्षे आमच्या जोडीने मुंबईची मैदाने गाजवली. आज त्यांच्या अमृतमहोत्सवानिमित्त निघणाऱ्या या ग्रंथात पुष्कळजण त्यांच्याविषयी लिहितील. पण त्या सगळ्यांनी त्यांचा चेहरा पाहिला आहे. पाठ पाहिलेला माणूस मी एकटाच, म्हणून माझा हा हक्क मी सोडणार नाही.

खेळ संपल्यावर गाव विचारले. "कुडपण. पोलादपूरच्या वर," ते म्हणाले. मी महाडचा, पेठेत आमचे किराण्याचे दुकान. म्हणजे गाववालेच निघालो. हे उलटे चालणे कुठे शिकलात, असे मी गमतीने विचारले, तर त्यांना प्रश्नच कळेना. भाताची लावणी करताना माणूस मागेच चालतो. पोटरीभर चिखलात, हातात रोपांची मूठ, नजर लावलेल्या ओळीवर. टाच बांधाला लागली की खाचर संपले, तोवर वळून बघायचे कारण नाही. कुडपणच्या पठारावर लहानथोर सगळे असेच चालतात. त्यात शिकण्यासारखे काय असते, हेच त्यांना समजत नव्हते.

गोविंदराव फुलबॅक, म्हणजे गोलकीपरच्या पुढचा बचाव; ते काम तुम्ही-आम्ही समजतो तसे नसते. भिडणे सोपे असते. समोरचा येतो, तुम्ही अंगावर जाता, चुकलात की तो पसार. गोविंदराव भिडतच नसत. ते मागे सरत, वाट अडवत, समोरच्याला विचार करायला लावत. उतावळा माणूस विचार करू लागला की त्याचा चेंडू पायापासून हातभर लांब जातो. तेवढा हातभर चेंडू गोविंदरावांना पुरत असे. प्रेक्षकांना अर्थात हा पळपुटेपणा वाटे. आमचे प्रशिक्षक डिमेलो मास्तरही सुरुवातीला कपाळावर हात मारून घेत, पण गोल होत नाहीत हे दिसल्यावर गप्प बसले.

मग नियम आला, की यापुढे बुटांशिवाय मैदानात उतरता येणार नाही. आमच्यातले बरेचजण अनवाणी खेळत. आम्ही कुरकुर केली, पायांना फोड आणले आणि सरावलो. गोविंदरावांची मात्र पंचाईत झाली. पुढे पळताना ठीक. मागे सरू लागले की बुटाखालच्या खुंट्या जमिनीत रुतत आणि ते उताणे पडत. एकदा नव्हे, दर वेळी. मास्तरांनी स्पष्ट सांगितले, "सकपाळ, लावणीची रजा घेऊन गावी जातोस ना? बूट घेऊन जा. येशील तेव्हा चालता आलं तर टीममध्ये, नाहीतर दुसरा बॅक तयार आहे." गोविंदराव तेव्हा गिरणीत बदली कामगार होते, म्हणजे कुणी गैरहजर असेल त्या दिवशीच काम. संघात टिकले तर नोकरी कायम होणार होती. वडील नव्हते, पाठची भावंडे होती. सगळे त्या बुटांवर येऊन ठेपले होते.

योगायोगाने मीही तेव्हा महाडला घरी गेलो होतो. त्यांना बरोबर घेऊनच या, असे मास्तरांनी बजावले होते. म्हणून एके सकाळी पोलादपूर गाठले आणि तिथून डोंगर चढून कुडपणला गेलो. रस्ता असा नव्हताच. धापा टाकत पठारावर पोचलो तर समोर विचित्र दृश्य. खाचरातली लावणी थांबली होती. बाया रोपांच्या मुठी हातात धरून तशाच उभ्या. मधोमध गोविंदराव, पायांत बूट, चेहरा उतरलेला. आणि बांधावर त्यांच्या आई, काशीबाई.

गडी बुटांची सवय व्हावी म्हणून बूट घालूनच लावणीला उतरला होता! मुंबईच्या चिखलात हे बूट आणि गावच्या चिखलात हे पाय, दोन्हींची गाठ घालावी, असा साधा हिशेब त्यांनी केला असणार. पण आमच्याकडे शेतात, त्यातून लावणीच्या दिवसांत, कुणी पायात वहाण घालून उतरत नाही. ते उभ्या गावाला ठाऊक आहे. गोविंदरावांना ठाऊक नव्हते असे नाही. नोकरीच्या धास्तीने त्यांना सुचेनासे झाले होते.

"चांबडा घालून तुडवतोस?" काशीबाई म्हणाल्या. आवाज चढलेला नव्हता. "लक्ष्मी हाय ती."

गोविंदरावांनी बूट काढले, खाली वाकून चिखलाला हात लावला, तो कपाळाला लावला आणि बांधावर येऊन उभे राहिले. मला पाहून त्यांना आणखीच मेल्याहून मेल्यासारखे झाले.

काशीबाईंनी मला विचारले, "मुंबयला अनवानी नाय चालत?"

"आता नाही चालत, काकू."

"आन ह्यो नाय खेळला तं?"

मी खरे ते सांगितले.  त्यांनी ओढ्याकडच्या खाचराकडे बोट केले. चिखलणी होऊन ते लावणीला तयार होते. घरचे सगळ्यात चांगले खाचर ते. शिमग्यानंतर, बाकीचे भात संपल्यावर, घरात जो भात शिजे तो त्याच खाचरातला.

"त्या ह्या सालला लावायचा नाय," त्या म्हणाल्या. "रोप नाय तिथं लक्ष्मी नाय. तिथं घाल बूट आन नाच काय नाचायचा तो."

"आये, खायाचा काय मग?" गोविंदराव म्हणाले.

"नाचनी हाय. तू उतर."

त्या खाचराची रोपे त्यांनी तिथल्या तिथे शेजारणीला देऊन टाकली, म्हणजे मागे फिरायची सोयच उरली नाही. मी जन्माचा गोलकीपर, पण पुढचे काही दिवस तिथेच मुक्काम करून मी त्यांनी बुटांबरोबर आणलेला चेंडू घेऊन चढाई करत होतो आणि गोविंदराव बूट घालून माझ्यापुढे मागे सरत होते. पडत होते, उठत होते. शेजारच्या खाचरात बायांची ओळ लावणी करत मागे सरकत होती. "अरं गोविंदा, आमच्या वळीत चाल रे, म्हंजी पडायचा नायस," एकीने हाक दिली आणि सगळ्या हसल्या. गोविंदरावांनी ते मनावर घेतले. त्या ओळीच्या चालीने, त्याच संथपणे, टाच आधी न टेकता चवड्यावर भार देत ते मागे सरू लागले. खुंट्या रुतायच्या थांबल्या. त्या दिवशी मला जो आनंद झाला तसा पुढे करंडक जिंकतानाही झाला नाही.

करंडक मात्र जिंकलाच. अंतिम सामन्यात समोर परगावचा बलाढ्य लष्करी संघ होता. आम्ही एका गोलने पुढे आणि खेळ संपत आलेला. त्यांचा बाजूचा गडी वाऱ्यासारखा सुटला. आमचे बाकीचे सगळे पुढे अडकलेले. मध्ये एकटे गोविंदराव. ते मागे सरू लागले. "भीड रे, भीड!" म्हणून प्रेक्षक ओरडत होते, शिव्या देत होते. मीही घाबरलो होतो, हे आता सांगायला हरकत नाही. पण सवयीने मी ओरडलो नाही. ते मागे येत राहिले, येत राहिले, आणि त्यांची टाच माझ्या बुटाला लागली. खाचर संपले! त्याच क्षणी त्या गड्याचा चेंडू हातभर सुटला. गोविंदरावांनी तो पायाने असा उचलून लांब भिरकावला, की शिट्टी झाली तेव्हा तो अजून मैदानाबाहेरच होता. डिमेलो मास्तर चिखलात बसून लहान मुलासारखे रडले. नोकरी कायम झाली. पुढे गोविंदराव राज्याच्या संघात गेले, आमचे कर्णधार झाले, पण मुद्दाम कुणाच्या पायावर पाय त्यांनी कधी मारला नाही. गुडघे कुरकुरू लागले तेव्हा साताऱ्याकडच्या एका नव्या मुलाला हाताशी धरून आपली चाल शिकवली आणि आपण होऊन त्याला आपली जागा दिली. मानसन्मान पुष्कळांना मिळतात. जागा अशी हसत सोडणारे थोडे.

त्या विजयानंतर गणपतीला आम्ही दोघे कुडपणला गेलो. पठारभर भात डोलत होते आणि मधेच ते एक खाचर उघडे, गवताने भरलेले. गोविंदरावांनी पदक आईच्या हातावर ठेवले. काशीबाईंनी ते पदराने पुसले, ओढ्याकडे बघितले आणि शेजारणीला ऐकू जाईल अशा बेताने म्हणाल्या, "त्या खाचराचा पीक ह्या सालला बरा आला."

तेच खाचर आज गोविंदराव स्वतः लावतात. अनवाणी. दर वर्षी लावणीला मी महाडहून जातो, आता गाडी वरपर्यंत जाते, आणि बांधावर त्यांच्या पाठीमागे उभा राहतो. त्या पहिल्या दिवसासारखा ओरडतो, "गोविंदराव, मागे बघा!" ते बघत नाहीत. पंचाहत्तरीतही ती पाठ तशीच ताठ आहे, हे बघून ऊर भरून येतो. श्री. गोविंदरावांना उदंड, निरोगी आयुष्य लाभो. खाचर मोठे असो, रोपे पुष्कळ असोत, आणि त्यांच्या टाचेपासून बांध अजून लांब, फार लांब राहो. मागचे बघायला मी उभा आहेच.