पूर्वेकडून आलेलं दुपारचं ऊन

मागच्या वैशाखात आमची ही गेली. मागे राहिलेल्या बाकीच्या वस्तू मी वाटून टाकल्या. साड्या पोरीला दिल्या, पितळेचे डबे भावजयीला. एक ताट मात्र फ्रिजमधून हलू दिलं नाही. त्या ताटात आंबापोळीचा एक थर होता. एकच. आंबापोळी एका दिवसात होत नाही. रस ताटात पातळ पसरायचा, उन्हात वाळवायचा, वाळला की त्यावर दुसरा थर घालायचा, मग तिसरा. असे थर चढले की पोळी जाड होते आणि अख्खी सुटून येते. हिने पहिला थर सकाळी गॅलरीत ठेवला, मला म्हणाली, दुपारी ताट जरा फिरवा हो, आणि संध्याकाळी आम्ही हॉस्पिटलात होतो. तिथून ती परत आली नाही. ताट फिरवायला कोणी नव्हतं. पुढे समोरच्या फ्लॅटमधल्या भाभींनी ते उचलून आत आणलं. थर छान वाळला होता.

भावजय म्हणाली, टाकून द्या भावोजी, बुरशी धरेल. मी म्हटलं, तुझ्या फ्रिजमध्ये नाही ना, मग गप बस. खायचा तर माझा धीर होत नव्हता. नुसता एक थर सोलायला गेलं तर त्याचे तुकडे होतात. टाकायचं तर नावच नको. वर्षभर दूध काढायला फ्रिज उघडला की ते ताट दिसायचं आणि मी फ्रिज लावून टाकायचो. शेवटी ठरवलं, यंदा आंबे आले की तिच्या थरावर आपण थर चढवायचे आणि पोळी पुरी करायची. वर्षश्राद्धाच्या आत.

मला स्वयंपाक येत नाही. चौथीपर्यंत शाळा आणि पुढे सगळा जन्म भाईंदरला स्टीलच्या भांड्यांच्या कारखान्यात, पॉलिशवर. पण हिचं करणं डोळ्यांनी पाहिलं होतं. मीरा रोड स्टेशनसमोरून पायरी आंबे आणले, रस काढला, गाळला, साखर घातली आणि हिच्या थरावर पसरला. पसरून झाल्यावर ताट उचलून गॅलरीत गेलो, तेव्हा डोक्यात प्रकाश पडला की गॅलरीत ऊनच नाही.

समोर टॉवर झालाय. तो काही एका रात्रीत उभा राहिला नव्हता, पण ही गेल्यापासून गॅलरीत जायचं मला कारणच पडलं नाही. आमचं घर दुसऱ्या मजल्यावर, तोंड पूर्वेला. सकाळचं सगळं ऊन टॉवरने गिळलं होतं. गच्चीवर जावं तर सोसायटीने गळतीच्या भांडणात कुलूप लावलेलं. सेक्रेटरी म्हणाला, काका, एकाला चावी दिली की सगळ्या बिल्डिंगच्या कुरडया वर येतील. त्याचंही खोटं नव्हतं.

ताट पंख्याखाली ठेवलं. दोन दिवस झाले तरी बोट लावलं की बोटाला रस. वास जरासा आंबूस यायला लागला. आणि आता परतीचा रस्ता नव्हता, कारण माझा ओला रस हिच्या थरात मुरला होता. माझा नासला म्हणजे तिचाही नासला. वर्षभर जपलेलं मी दोन दिवसांत घालवणार असं दिसायला लागलं. पोरीला फोनवर सांगितलं तर म्हणाली, ताट घेऊन बदलापूरला या, आमच्याकडे ऊन आहे. मी म्हटलं, ओलं ताट मांडीवर घेऊन येऊ? अर्धा रस माझ्या धोतरावर वाळेल.

तिसऱ्या दिवशी दुपारचा चहा घेऊन बेडरूममध्ये बसलो होतो, तर कपाटाच्या पायाशी ऊन. पूर्वेच्या खिडकीतून, आणि वेळ साडेतीनची. मला वाटलं आपलं डोकं फिरलं. उठून खिडकीशी गेलो आणि डोळे मिटून घ्यावे लागले. सूर्य होता आमच्या बिल्डिंगच्या मागे, पश्चिमेला, जिथे असायला हवा तिथेच. पण टॉवरच्या निळ्या काचांत दुसरा सूर्य दिसत होता. काचेवर चिकटलेला नाही, काचेच्या पार आत, टॉवरच्या पाठीमागे लांब कुठेतरी असल्यासारखा. आमची सकाळ ज्याने खाल्ली तोच दुपारी उष्टं परत देत होता.

उष्टं म्हणजे उष्टंच. हात धरला तर नुसतं कोमट. जमिनीवर पडलेला तो तुकडा चौकोनीही नव्हता, मधे फुलीसारख्या उजळ रेघा. काचा वरून सपाट दिसतात, पण असणार कुठेतरी पोट आत गेलेल्या. पॉलिशवाल्याला एवढं कळतं. एवढ्या उन्हात पोळी वाळली नसती. पण ऊन सरकत सरकत कपाटाच्या दारावरच्या आरशावर चढलं, आणि तिथून उडून पलंगाखाली गेलं. मी दार जरा उघडलं तर पलंगाखालचा उजेड बाहेर आला. आणखी उघडलं तर खोलीच्या मधोमध. म्हणजे एक ऊन खिडकीतून थेट आणि एक आरशातून, दोन्ही एका ताटावर आणता येतील. हिच्या टिकल्या त्या आरशाला अजून चिकटलेल्या आहेत. आरशाजवळ हात नेला की उजेडात त्यांचे ठिपके दिसायचे, लांब नेला की विरून जायचे. काढल्या असत्या तर ऊन चिमूटभर वाढलं असतं. नाही काढल्या.

पण ऊन थांबत नाही. दार आणि ताट जुळवेपर्यंत ते पुढे जायचं. म्हणून दुसऱ्या दिवशी आधीच जुळवून ठेवायचं ठरवलं. ताटाच्या जागी पाट ठेवला, पाटावर गाल टेकवून आडवा झालो आणि पायाने कपाटाचं दार हळूहळू ढकलत राहिलो, आरशात टॉवरची ती काच दिसेपर्यंत. मला तिथून काच दिसली, तर काचेतलं ऊनही तिथे येणार, एवढा साधा विचार. आणि आरशात बघतो तर अख्खा टॉवर कपाटाच्या पाठीमागे उभा. कपाटामागे भिंत आहे, भिंतीमागे शेजाऱ्यांचं बाथरूम. त्या बाथरूमच्याही पलीकडे हा टॉवर, जेवढा खिडकीबाहेर लांब तेवढाच तिकडे आत लांब. मी असा बघत पडलोय, तेवढ्यात समोरच्या भाभी जाळीच्या दाराशी आल्या. त्यांना तिथून माझे पाय आणि पाटावर पडलेलं डोकं दिसलं.

"अंकल, गिर गये क्या?"

मी पडल्या पडल्या म्हटलं, "भाभी, चुप रहो. अभी खिडकी मिली है."

हे मी बोलायला नको होतं. गुडघ्यांवर हात देऊन मी उठेपर्यंत त्यांनी पोरीला फोन लावला होता, की अंकल जमिनीवर पडलेत आणि काहीतरी भलतंच बोलतायत. पोरीला मी समजावलं, पण ती म्हणाली, मी उद्या येतेच.

त्या दुपारी ऊन बरोबर पाटावर आलं. ताट ठेवलं. कडा सुकायला लागल्या, आणि मला हाव सुटली. मोठ्या टोपावरचं एक घुमटासारखं झाकण माझ्याकडे आहे, कारखान्यातून निघताना मीच चकाकवलेलं. त्याच्या आतल्या बाजूत लांबून बघितलं की आपलं तोंड उलटं दिसतं, हनुवटी वर आणि डोकं खाली. जवळ नेलं की सगळं धूसर होतं, आणखी जवळ नेलं की एकदम सुलटं आणि भोपळ्याएवढं. ही त्यात बघून हसायची. म्हणायची, लांबून तुम्ही जसे आहात तसे दिसता. मी म्हटलं, आरशातलं जे ऊन ताटाच्या पलीकडे सांडतंय, ते ह्या झाकणाने परत ताटावर टाकावं. झाकण भिंतीला टेकवून उभं केलं आणि चहा ठेवायला गेलो.

साखर जळल्याचा वास आला तेव्हा मला आधी वाटलं चहाच करपला. धावत गेलो. ताटावर उन्हाचा एक बारका, डोळ्यांत खुपणारा ठिपका बसला होता आणि त्याच्याखालून धूर निघत होता. झाकण ओढलं. वाटाण्याएवढं भोक, कडा काळ्या, आणि तळाशी स्टील दिसत होतं. माझा थर जळला होता आणि तिचाही. इतकी वर्षं वाट्याझाकणांना चकाकी आणली, पण चकाकी म्हणजे नुसती चकाकी एवढंच मला माहीत. ती उजेड नेऊन कुठे टाकते, हे बघायची कधी वेळच आली नव्हती. ताट झाकून ठेवलं. रात्री जेवलो नाही.

दुसऱ्या दिवशी जेवणवेळेला पोर आली. बॅग मांडीवर घेऊनच पलंगावर बसली.

"बाबा, खरं सांगा, चक्कर आली होती ना?"

"नव्हती आली. ऊन शोधत होतो."

"झोपून?"

"ताट झोपूनच असतं. त्याला कुठून दिसतं ते बघायला नको?"

तिने बॅग खाली ठेवली. मग मी ताट आणून तिच्यासमोर ठेवलं आणि सांगितलं, "बाय, तुझ्या आईच्या थराला भोक पाडलं मी."

तिने ताट जवळ ओढलं. मग बोट लावलं, भोकाला नाही, शेजारी. म्हणाली, "कडेला वाळलंय की. वासही गेलाय." आणि म्हणाली, "आईच्या पोळीवर दरवर्षी कबुतरं नाचायची. त्यांच्या पायांचे ठसे मी खाल्लेत, बाबा. तुमचं भोक काय घेऊन बसलात."



झाकण पुन्हा लावायला मी तयार नव्हतो. ती म्हणाली, उलटं करून लावू, बाहेरची फुगीर बाजू पुढे. लावलं. त्याने ऊन असं काही फाकलं की खोलीभर पातळ पसरलं आणि ताटाच्या वाट्याला काही येईना. त्या बाजूत बघितलं तर टॉवर बोटभर, सुलटा, झाकणाच्या आत गेलेला. मग पुन्हा आतली बाजू पुढे केली आणि ताट लांब ठेवलं. म्हटलं, आधी ऊन कुठे गोळा होतं ते बघू. मी झाकण धरलं, तिने वर्तमानपत्राचा कोरा कोपरा फाडून त्याच्यासमोर धरला आणि मागेपुढे करायला लागली. झाकणाशी उजेड झाकणाएवढा. कागद मागे नेला तसा लहान, आणखी लहान, मग एका जागी एवढासा ठिपका. तिने पटकन कागद हलवला. त्याच्या मागे गेलं की उजेड पुन्हा पसरायचा.

तेवढ्यात एक ढग आला असावा, टॉवरच्या काचेतला सूर्य मंदावला. पोर म्हणाली, बाबा, हे बघा. कागदावर, त्याच जागी, काड्यापेटीएवढा टॉवर पडला होता. पुसट होता, पण टॉवरच. डोक्यावर उभा, गच्ची खाली आणि पाया वर, निळसर काचा, आणि एका काचेत मोहरीएवढा सूर्य. बाहेरचा एवढा थोरला धोंडा आमच्या काचांतून, कपाटातून, झाकणातून फिरून पोरीच्या हातातल्या कागदावर उतरला होता. कागद बोटभर पुढेमागे केला की नाहीसा. तिथे हवेत तेवढीच त्याची जागा. घर अंधारं होतं म्हणून दिसला. उजेडाच्या घरात दिसला नसता.

"शाळेत असलं काहीतरी होतं," पोर म्हणाली. "बाण काढायचे. मला कधी कळलं नाही."

मी म्हटलं, मला तर शाळेने बाणही दाखवले नाहीत.

जागा कळल्यावर भीती गेली. ताट त्या जागेच्या बरंच अलीकडे, झाकणाच्या जवळ ठेवायचं, म्हणजे ऊन गोळा व्हायच्या आधीच ताटावर पडतं, हाताला सोसेल असं गरम. आणि कुणीतरी समोर बसून राहायचं, कारण टॉवरची एक काच विझते, शेजारची पेटते, आणि तेवढ्यात सगळं बोटभर सरकतं. पोर कपाटाच्या दारापाशी बसायची, मी झाकणापाशी. दार हलवताना ती विचारायची, आलं का? मी सांगायचो, जरा डावीकडे. आमच्याच बिल्डिंगची सावली टॉवरवर चढून काचा झाकेपर्यंत हे चालायचं. ही गेल्यावर वर्षभरात आम्ही बापलेक एवढं बोललो नव्हतो. जास्त करून तिच्या आईबद्दल, पण रडारड नाही. ती कशी भाजीवाल्याशी हिंदीत भांडायची आणि मधेच रत्नागिरीची शिवी द्यायची, असलं. भाभी रोज जाळीतून विचारायच्या, "अंकल, आज सूरज आया?" आता त्यांनाही त्यात रस वाटायला लागला होता.

भोकात मी चमच्याने नवा रस भरला. माझा पहिला थर वाळला, वर दुसरा घातला, मग तिसरा. सुट्टी वाढवून घेत घेत पोर राहिली.

वर्षश्राद्धाच्या आदल्या दिवशी पोळी काढायची होती. सुरीने कडा सोडवल्या. मला हात लावायचं धाडस होईना, म्हणून पोरीला सांगितलं, तू ओढ. ती म्हणाली, दोघं ओढू. सुटताना चर्रर्र आवाज झाला आणि पोळी अख्खी आली, एकाही जागी न फाटता. पालथी करून ताटात टाकली. आता तळाचा थर वर आला होता. तिचा. स्टीलवर वाळल्यामुळे त्याला चकाकी आली होती, आणि माझ्या भोकाच्या जागी एक पिवळा ठिपका.

नैवेद्याचा तुकडा बाजूला ठेवला. पोरीने दुसरा तोडला, अर्धा मला दिला. हिचा थर गावच्या रायवळ आंब्याचा, त्यात साखर बेताची. पहिल्यांदा जिभेला तो लागला, आंबट, आणि मग माझी गोड पायरी.

"तुम्ही साखर जास्त घातलीत," पोर म्हणाली.

"तुझ्या आईने कमी घातली होती," मी म्हटलं, आणि आणखी एक तुकडा तोडला.

भाभींकडे एक वाटी पाठवली. पोरीच्या बॅगेत एक गुंडाळी घातली. बाकीची मी खातोय, रोज थोडी. फ्रिजमध्ये नाही ठेवली, डब्यात बाहेरच आहे. पेटीत आंबे अजून उरलेत आणि पाऊस यायला अवकाश आहे. आज ताट धुऊन, तूप लावून पहिला थर घातलाय. साडेतीन वाजत आले. कपाटाचं दार उघडायला हवं.